शेवटचं नीट पाहिलं तेव्हा

परवा आमच्याकडचा नवा डॉक्टर स्ट्रेचरशेजारी उभा राहून एका म्हाताऱ्याच्या मुलाला विचारत होता, "कितने बजे हुआ?" मुलगा म्हणाला, "नौ बजे." डॉक्टरनं नऊ लिहून घेतले. मी काचेच्या आत बसले होते. माझ्या तोंडून निघून गेलं, "असं नाही विचारायचं रे." ऐकायला कोणी नव्हतं. शेवटी गुडघ्यांवर हात टेकून उठले, बाहेर गेले आणि मुलाला पुन्हा विचारलं. नऊ वाजता म्हातारा मोरीपाशी पडलेला सापडला होता. झटका कधी आला, हे घरात कुणालाच ठाऊक नव्हतं.

परत खुर्चीत येऊन बसले आणि मोहितेदादा आठवले. तसे ते रोजच आठवतात, पण त्या दिवशी त्यांचा रागही आला. माणसानं इतकं नीट काम करू नये की तो नोकरीतून गेल्यावर बाकीच्यांचं काम बघवत नाही.

मी रेडिओलॉजिस्ट आहे. ग्वाल्हेरला, कंपू मोहल्ल्याच्या बाजूला असलेल्या एका रुग्णालयात पंचवीसेक वर्षं लोकांच्या मेंदूची चित्रं वाचते आहे. विलास मोहिते आमचे सीटी स्कॅनचे टेक्निशियन. घर शिंदे की छावनीत. पूर्वज दख्खनेतून फौजेबरोबर आलेले, त्यामुळे घराण्यात तलवार होती असं ते सांगायचे, आणि लगेच पुढे म्हणायचे, "आता घरात सुरीसुद्धा बोथट आहे, मॅडम." सगळं रुग्णालय त्यांना मोहितेजी म्हणायचं. मी दादा म्हणायचे. ते मला पहिल्या दिवसापासून शेवटच्या दिवसापर्यंत मॅडम म्हणत राहिले.

दिसायला अगदी साधे. ठेंगणे, कपाळावर दोन आठ्या, आणि अंगात मरून रंगाचा अर्ध्या बाह्यांचा स्वेटर. मशीनसाठी ती खोली कायम थंड ठेवावी लागते. मे महिन्यात बाहेर डांबर वितळत असायचं आणि हे स्वेटर घालून नाक पुसत बसलेले. चहाला बाहेर उन्हात जाऊन आले की शिंका सुरू. "बारा महिने सर्दी, ही आपली नोकरी," म्हणायचे. मशीनला 'बाई' म्हणायचे. लागोपाठ सात-आठ स्कॅन झाले की ती तापायची, मग ते दाराशी उभं राहून सांगायचे, "रुकिए, बाई थक गई हैं." बाई थकल्याचं ते सगळ्यांना सांगायचे. स्वतःचं कधी सांगितलं नाही.

लकव्याचा पेशंट आला की मात्र दादा वेगळेच व्हायचे. लकवा म्हणजे मेंदूचा झटका. मेंदूतली नळी गुठळीनं बंद होते, नाहीतर फुटते. दोन्हींत माणूस सारखाच दिसतो: तोंड वाकडं, हात लुळा, बोलणं गेलेलं. बाहेरून पाहून मोठमोठ्या डॉक्टरांनाही फरक सांगता येत नाही, तो चित्रातच कळतो. रक्त सांडलं असेल तर ते पांढरंशुभ्र दिसतं. गुठळी असेल तर सुरुवातीच्या तासांत बहुतेक वेळा काहीच दिसत नाही. गुठळी विरघळवणारं इंजेक्शन आहे, पण ते झटका आल्यापासून साडेचार तासांच्या आत द्यावं लागतं, आणि झटका येताना कुणी पाहिलं नसेल तर माणसाला शेवटचं नीट पाहिलं तिथून तास मोजतात. उशीर झाला तर त्याच इंजेक्शननं मेंदूत रक्तस्राव होण्याची भीती. म्हणून दोनच गोष्टी लागतात. एक चित्र, आणि एक वेळ. चित्र बाई काढायच्या. वेळ दादा काढायचे.

आणि वेळ काढणं हे चित्रापेक्षा अवघड होतं. घाबरलेल्या माणसाला घड्याळ आठवत नाही. दादा पेशंटला टेबलावर घेता घेता नातेवाइकाकडे वळायचे आणि म्हणायचे, "आखरी बार ठीक कब देखा था? टाइम मत बताइए, काम बताइए."

काम बताइए. म्हणजे तेव्हा घरात काय चाललं होतं ते सांगा. नळ आला होता का? दूधवाला येऊन गेला होता का? शाळेची बस गेली होती का? आमच्याकडे कितीतरी मोहल्ल्यांत नळ एक दिवसाआड येतो आणि त्याची वेळ माणसं स्वतःच्या वाढदिवसापेक्षा पक्की लक्षात ठेवतात. एकदा एक सून सासऱ्यांना घेऊन आली. म्हणे सकाळपासून असेच आहेत. सकाळपासून म्हणजे गेली वेळ, असं धरून आमचे डॉक्टर वळलेसुद्धा. दादांनी विचारलं, "आज पानी का दिन था?" होता. "मोटर किसने चलाई?" सून थांबली. मग म्हणाली, "बाबूजीने ही. फिर बाल्टी भी उठाई, मैं मना करती रही." नळ साडेनऊला येतो. तेव्हा सव्वाअकरा झाले होते. इंजेक्शन मिळालं. म्हातारा आठवड्याभरात हातानं चहा प्यायला लागला, आणि घरी जाताना दादांना विचारून गेला की मोटर कोणत्या कंपनीची आहे हे तुम्ही कसं नाही विचारलंत.

"मॅडम, खोटं लोक वेळेचं बोलतात," दादा मला म्हणाले होते, "कामाचं नाही बोलता येत. कामाला भांडी लागतात, पाणी लागतं, दुसरा माणूस लागतो. तेवढं कोण जुळवणार?"

दुपारी बरोबर एक वाजता ते डबा उघडायचे. स्टीलचा, दोन पुडांचा. वरच्या पुडात भाजी, खालच्यात चार पोळ्या. घडी चौपदरी, आणि प्रत्येक पोळीचं टोक आत खोवलेलं, की सुटू नये. अशी खोवलेली पोळी मी दुसऱ्या कुणाची पाहिली नाही. चौथी पोळी माझी. हे कधी ठरलं ते आठवत नाही. मी एकटी राहते, कॅन्टीनमधलं खाते, हे त्यांनी घरी सांगितलं असणार. तेव्हापासून कुसुमवहिनी तिनाच्या चार करायला लागल्या. मी लाजून एकदा नको म्हटलं तर दादा म्हणाले, "मला काही फर्क नाही, पण पोळी परत गेली तर घरी माझी पेशी होईल, जबाब द्यावा लागेल."

वहिनी एकदाच रुग्णालयात आल्या होत्या, खोकल्यासाठी छातीचा एक्स-रे काढायला. खिडकीवरच्या मुलीनं विचारलं, "पति का नाम?" वहिनी गप्प. मुलीनं पुन्हा विचारलं. वहिनींनी पदर सारखा केला आणि शेजारी उभ्या असलेल्या दादांकडे पाहिलं. "आप ही बताइए न," म्हणाल्या. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही, ही माहेरची शिकवण. लग्नात उखाण्यात घेतलं तेवढंच, त्यानंतर कधी नाही. सगळी खिडकी हसली. मुलगी म्हणाली, "अरे आंटी, अब कौन मानता है!" दादा लाल झाले आणि स्वतःच फॉर्म भरायला लागले. मी कधी घरी फोन केला, "विलासराव आहेत का?" म्हटलं, तर वहिनी म्हणायच्या, "हे ना, सब्जी आणायला गेलेत." हे. एवढ्यावर संसार चाललेला.

आता ती गोष्ट सांगायला हवी, जी दादा स्वतः कधी सांगत नसत.

एक शाळेतल्या मास्तरीण होत्या. शिकवता शिकवता हातातला खडू पडला, जीभ जड झाली. नवऱ्यानं तासाभरात आणलं. वेळ पक्की होती, वर्गच साक्षीला होता. स्कॅन झाला. त्यात काही नव्हतं, म्हणजे रक्त नव्हतं, म्हणजे गुठळी, म्हणजे इंजेक्शन द्यायचं. मी आत रिपोर्ट लिहीत होते. डॉक्टर वरच्या मजल्यावरून उतरत होते. नवरा काचेशी उभा राहून दोन्ही हात चोळत होता. "भैया, कुछ निकला?" दादांना दया आली. म्हणाले, "साफ है, भाईसाहब."

साफ है. त्या माणसानं डोळे मिटले, हात जोडले आणि बायकोला घेऊन घरी निघून गेला. डॉक्टर खाली आले तेव्हा स्ट्रेचर रिकामं होतं. फोन लावला तर लागेना. नंतर कळलं, वाटेत ऑटो थांबवून त्यानं देवाला पेढे ठेवले होते. दुसऱ्या दिवशी परत आणलं तेव्हा अर्धं अंग गेलेलं होतं, आणि चित्रात आता सगळं दिसत होतं. नवरा एवढंच म्हणत राहिला, "आपने तो कहा था साफ है." आवाजात राग नव्हता, हेच वाईट. दादा ऐकत उभे राहिले. मी मध्ये पडून समजावायला लागले तर त्यांनी हातानं मला थांबवलं.

त्या दिवसानंतर दोन गोष्टी झाल्या. एक, साफ हा शब्द त्यांनी टाकला. कुणी विचारलंच तर म्हणायचे, "तस्वीर साफ है, आदमी नहीं. बैठिए." आणि दुसरी, चपला. सीटीच्या खोलीबाहेर चपला काढाव्या लागतात. दादा त्या उचलून आतल्या मांडणीवर ठेवायला लागले. डॉक्टर येऊन बोलल्याशिवाय चप्पल परत नाही. लोक चिडायचे. एक वकीलसाहेब तर अनवाणी पायांनी वरिष्ठांकडे तक्रार घेऊन गेले. वरिष्ठांनी दादांना बोलावून विचारलं, हा काय प्रकार आहे? दादा म्हणाले, "साहब, बिना चप्पल आदमी दूर नहीं जाता." पुन्हा कुणी विचारलं नाही. मांडणी मात्र वासानं नकोशी झाली होती, त्यावर ते डांबराच्या गोळ्या टाकायचे.

दुसरा एक मुलगा होता, पडाव भागात त्याच्या वडिलांचं छोटं हॉटेल. वडील सकाळी सातला अंथरुणातच वाकडे झालेले सापडले. रात्री कधीतरी झालं होतं. वाटेत कुणीतरी त्याच्या कानात सांगितलं, टाइम कम बताना, तभी सुई लगेगी. मुलगा म्हणाला, "छह बजे तो पापाने चाय पी." दादांनी विचारलं, "किसने बनाई?" "मैंने." "कौन से बर्तन में?" मुलगा भडकला. "मेरे बाप की जान जा रही है और आप बर्तन पूछ रहे हैं?" डॉक्टरही घाईत होते. दादांनी पुढे विचारलं नाही. इंजेक्शन दिलं. संध्याकाळी म्हाताऱ्याची शुद्ध गेली, पुन्हा स्कॅन केला. काळ्या-करड्या चित्रात मधोमध पांढरा डाग पसरला होता.

मुलगा आमच्या खोलीच्या भिंतीला टेकून बसला आणि सगळं खरं सांगून टाकलं. दादांनी त्याला पाणी दिलं. मला म्हणाले, "मी एक सवाल अजून विचारायला पाहिजे होता. तो बापासाठी बोलला, मॅडम. आणि बापालाच लागलं." मग कितीतरी दिवस मशीनवर काम करताना ते मध्येच थांबायचे. मला कळायचं. पण आमच्या कामात एकमेकांना धीर द्यायची सवय नाही, पुढचा पेशंट बाहेर असतो.

हे सगळं इतकं सांगितलं ते शेवटच्या प्रसंगासाठी. त्याला चारेक वर्षं झाली. दादा निवृत्तीला आले होते.

सकाळी आठला ते घरून निघाले, रोजच्यासारखे. पावणेबाराला त्यांचा फोन वाजला. शेजारच्या भदौरियाबाई. वहिनी स्वयंपाकघरात पडल्या होत्या. भदौरियाबाई वाटीभर साखर मागायला आल्या आणि दार लोटलेलं होतं म्हणून कळलं. उजवा हात हलत नव्हता, बोलणं नव्हतं. दादांनी विचारलं, "होश में है? तो सीधे यहीं लाइए, रास्ते में कहीं मत रुकिए." आवाज कामातलाच होता. फोन ठेवून त्यांनी टेबलावर स्वच्छ चादर घातली.

बारा वाजता वहिनी आल्या. मी म्हटलं, दादा, तुम्ही बसा, दुसऱ्या कुणाला बोलावते. ते म्हणाले, "बाई दुसऱ्यांचं ऐकत नाहीत." वहिनींचं डोकं त्यांनी दोन्ही हातांनी नीट ठेवलं, कपाळावरचे केस बाजूला केले. मग बाहेर येऊन आपल्या चपला काढल्या आणि मांडणीवर ठेवल्या, नातेवाइकांच्या चपलांत. हे मी काचेतून पाहिलं. 

चित्र पडद्यावर आलं. मी वरून खालपर्यंत दोनदा पाहिलं. रक्त नव्हतं. काहीच नव्हतं. माझ्या मागे दादा उभे होते.

"साफ आहे ना?" ते म्हणाले.

इतक्या वर्षांत त्यांच्या तोंडून तो शब्द मी ऐकला नव्हता. मी मान हलवली.

"म्हणजे आदमी नाही."

डॉक्टर तोमर आले होते. तरुण, हुशार आणि दादांना मानणारे. घड्याळात बारा वाजून दहा मिनिटं झाली होती. त्यांनी हळूच विचारलं, "मोहितेजी, आखरी बार ठीक कब देखा?"

कुणी दादांना हा प्रश्न विचारेल असं आम्हाला कधी वाटलं नव्हतं. त्यांनाही नसावं. 

"आठ बजे निकला," ते म्हणाले. "वो अंदर थी. मैंने कहा, येतो गं. उसने हं कहा."

"तो आठ बजे ठीक थीं. अभी बीस मिनट हैं हमारे पास. मैं तैयारी करवाता हूँ."

"सर, रुकिए." दादा म्हणाले. "मैंने देखा नहीं."

"बोलीं तो थीं?"

"हं बोली. हं तो कोई भी बोल दे, सर. चप्पल पहनते हुए बोला मैंने. पीछे मुड़ा नहीं."

मी तेव्हा जे केलं ते आजवर कुणाला सांगितलेलं नाही. मी उठून त्यांच्या जवळ गेले आणि मराठीत, तोमरांना कळू नये म्हणून खाली आवाजात, म्हटलं, "दादा, आठ म्हणा. ठीक होत्या म्हणा. डबा तर भरून दिलाच ना त्यांनी."

दादा माझ्याकडे वळले. मग म्हणाले, "हो. डबा भरून दाराशी ठेवला होता." आणि त्यांचा चेहरा बदलला. "काम बताओ," स्वतःशीच म्हणाले.

डबा कपाटावर होता, रोजच्या जागी. त्यांनी तो खाली घेतला आणि माझ्या टेबलावर, पडद्याच्या उजेडात ठेवला. कडी काढली. वरच्या पुडात बटाट्याची भाजी होती, नेहमीसारखी. माझा जीव भांड्यात पडला. बघा, म्हणाले मी, बघा. त्यांनी खालचं पूड उघडलं. पहिली पोळी चांगली होती, घडी चौपदरी, टोक खोवलेलं. दुसरीची घडी कशीतरी झाली होती. तिसरी एका बाजूनं करपलेली, घडीच नव्हती. त्यांनी ती उचलली. तिच्याआड चौथी होती. लाटलेली, पण तव्यावर न टाकलेली. कच्चं पीठ, तसंच दुमडून डब्यात ठेवलेलं.

ती माझी पोळी होती.

दादांनी बोटानं त्या कणकेला हात लावला. "हिनं असं कधी केलं नाही, मॅडम," ते म्हणाले. "हात चालत नव्हता तेव्हाच. मी उभा होतो बाहेर. चप्पल शोधत होतो." डबा त्यांनी बंद केला, कडी लावली. मग तोमरांकडे वळून म्हणाले, "सर, रात के दस बजे लिखिए. दस बजे दूध दिया था उसने, मैंने देखा. उसके बाद नहीं देखा."

तोमरांनी माझ्याकडे पाहिलं. मी खाली पाहिलं. आमच्याकडे तेव्हा एमआरआय नव्हता, आणि गुठळी तारेनं ओढून काढणारं सेंटर दिल्लीला. तोमरांनी तिथेही फोन लावला, चित्रं पाठवली, पण एवढ्या वेळानंतर आणून उपयोग नाही असंच तिकडून कळलं. बारा पंचवीसला तोमर म्हणाले, "मोहितेजी, नियम से थोड़ा हटकर भी, अगर आप लिख दें तो..." दादा म्हणाले, "पडाववाले का लड़का याद है, सर? मुझे रोज याद है." साडेबारा वाजले. मग पावणेएक. इंजेक्शन दिलं नाही.

एक वाजता दादांनी सवयीनं घड्याळाकडे पाहिलं. डबा त्या दिवशी पुन्हा कुणी उघडला नाही.

वहिनी वाचल्या. उजवा हात गेला तो गेलाच. पाय ओढत चालायला लागल्या. बोलणं गेलं. फक्त एक 'हं' राहिला होता. सगळ्याला हं. दादांनी उरलेल्या रजा घेतल्या आणि तिथूनच निवृत्त झाले. निरोपाचा कार्यक्रम नको म्हणाले. त्यांच्या जागी आलेल्या मुलानं चपलांची मांडणी काढून टाकली.  तेव्हा मला कशालाच काही म्हणावंसं वाटत नव्हतं.

त्यांनी खरं सांगितलं ते बरोबर होतं का, हे मला विचारू नका. डॉक्टर म्हणून मी हो म्हणेन. रात्री जाग आली की मला ती कच्ची पोळी दिसते आणि वाटतं, कदाचित सकाळी सातलाच सुरू झालं असेल, कदाचित आठ म्हटलं असतं तर काही बिघडलं नसतं, कदाचित हातही आला असता. आणि कदाचित पांढरा डाग. मी दमले आहे हे सगळं उलटसुलट करून.

यंदा आमच्याकडे एमआरआय आला. अशी चित्रं काढता येतात की झटका ताजा आहे की जुना, याचा अंदाज चित्रावरूनच येतो. झोपेत झटका आलेल्या माणसालाही मग कधी कधी इंजेक्शन देता येतं. उद्घाटन झालं, फुलांच्या माळा लागल्या. त्याच आठवड्यात मी शिंदे की छावनीत त्यांच्याकडे गेले. इतके दिवस जायचं टाळत होते, हेही कबूल करते.

दादांनी दार उघडलं. अंगात तोच मरून स्वेटर, हाताला कणीक लागलेली. "या, मॅडम. बरोबर वेळेवर आलात." वहिनी खिडकीपाशी खुर्चीवर होत्या. मला पाहून डाव्या हातानं बसायची खूण केली. दादा आत पोळ्या लाटत होते, तिथूनच बोलत होते. पोळ्या जाड होत्या, पण घडी चौपदरी आणि टोक आत खोवलेलं. वहिनी इथून नजर ठेवून होत्या. टोक नीट बसलं नाही की खुर्चीचा हात वाजवायच्या.

मी नव्या मशीनचं सांगितलं. सांगायचं नव्हतं, पण लपवणंही जमेना. लाटणं थांबलं.

"म्हणजे आता विचारावंच लागत नाही?" त्यांनी विचारलं.

"विचारावं लागतं. पण कुणीच पाहिलेलं नसलं, तर चित्रावरून काही कळतं."

 तव्यावरची पोळी फुगून बसली. मग ते म्हणाले, "बरं झालं. आता घरच्यांच्या डोक्यावर एवढं ओझं नको." आणि पोळी उतरवली. मला वाटलं होतं ते काहीतरी कडू बोलतील. बोलले असते तर मला बरं वाटलं असतं.

जेवणं झाली. मी निघाले. दादा म्हणाले, कोपऱ्यापर्यंत येतो, तुम्हाला ऑटो बघून देतो. मी चपला घालून दाराबाहेर उभी राहिले. ते मात्र आले नाहीत. मी वळून पाहिलं.

ते वहिनींच्या खुर्चीसमोर उकिडवे बसले होते. "हसून दाखव," म्हणाले. वहिनी हसल्या, तोंड किंचित एका बाजूला गेलं, नेहमीइतकंच असावं. "डावा हात वर." हात वर गेला. "येतो गं मी. पाच मिनिटांत."

"हं," वहिनी म्हणाल्या.

"हं नको. नाव सांग."

वहिनींनी माझ्याकडे पाहिलं आणि लाजल्या. पदर सारखा करायला डावा हात गेला. दादा वाट पाहत बसून राहिले. त्यांना कसलीच घाई नव्हती. वहिनींचे ओठ दोनदा हलले, दोनदा थांबले.

"वि... लास," त्या म्हणाल्या.

दादांनी मनगटावरचं घड्याळ पाहिलं. मग उठले आणि चप्पल घातली.